अँडी केसलरचा रॅम्प: व्यसन सुटतं म्हणजे नेमकं काय होतं?

न्यूयॉर्कमध्ये हडसन नदीच्या काठानं रिव्हरसाइड पार्क नावाची लांबलचक बाग आहे. १९९० च्या दशकाच्या मध्यावर या बागेत, १०८ व्या रस्त्याजवळ, तिशी ओलांडलेला एक माणूस आसपासच्या पोरांना सोबत घेऊन स्केटबोर्डसाठी, म्हणजे चाकं लावलेल्या फळीच्या खेळासाठी, रॅम्प (उतार) उभारत होता. माणसाचं नाव अँडी केसलर. शहरातल्या सार्वजनिक बागांमधल्या सुरुवातीच्या स्केटपार्कांपैकी ते एक. महापालिकेच्या उद्यान खात्याचे उंबरठे झिजवून त्यानं ते मंजूर करून घेतलं होतं आणि आराखडाही त्याचाच होता. त्याआधीची काही वर्षं याच शहरात हाच माणूस हेरॉइनच्या मागे फिरत होता.

व्यसनमुक्तीबद्दल आपल्याकडे बोलणं होतं ते दोनच गोष्टींवर. माणूस व्यसनात कसा पडला आणि त्यानं ते कसं सोडलं. सोडल्यानंतरच्या सकाळी उठून त्यानं काय केलं, हे कुणी फारसं विचारत नाही. माझा धाकटा मामा दारूपायी चार वेळा उपचारांना जाऊन आला. प्रत्येक वेळी घरी आला की आम्ही सगळे 'सुटला एकदाचा' म्हणून निर्धास्त व्हायचो. आपण काय समजून घ्यायला हवं होतं, ते मला पुष्कळ उशिरा कळलं. केसलरच्या गोष्टीच्या आधारानं तेच इथे सांगायचा प्रयत्न करतो.

स्केटबोर्डिंगचा इतिहास म्हटलं की लोक कॅलिफोर्नियाकडे बोट दाखवतात. १९७६-७७ च्या दुष्काळात तिथले पोहण्याचे तलाव कोरडे पडले आणि पोरांनी भिंती टपून त्या गुळगुळीत गोल तळांमध्ये फळ्या फिरवल्या. न्यूयॉर्कला असली चैन नव्हती. तिथे होते बागांमधले उतार, दगडी पायऱ्या, खडबडीत फुटपाथ आणि टॅक्स्यांची गर्दी. शहर १९७५ साली दिवाळखोरीच्या अगदी काठावर आलं होतं, बागा मोडकळीला आल्या होत्या. अप्पर वेस्ट साइड या भागात वाढलेला केसलर अशा शहरात फळीवर उभा राहायला शिकला. 'सोल आर्टिस्ट्स ऑफ झू यॉर्क' या टोळक्यात तो होता. भिंतींवर आणि रेल्वेच्या डब्यांवर रंगवणारी पोरं आणि स्केटबोर्डवाली पोरं, असं ते मिश्रण होतं. पूर्व किनाऱ्यावर हा खेळ रुजवणाऱ्यांत त्याचं नाव पहिल्या काहींत घेतात. हेरॉइनही त्याच शहरात, त्याच रस्त्यांवर मिळत होतं.

मग प्रश्न येतो तो नेहमीचाच. ज्याच्याकडे जीव ओतावा असं काहीतरी होतं, त्याला हेरॉइन कशाला लागलं? मामाबद्दलही नातेवाईक हेच विचारायचे. 'सोन्यासारखी नोकरी, एवढा गाता गळा, मग कशाला?' प्रश्न मायेपोटीच यायचा, पण त्यात एक गृहीत धरलेलं असतं: व्यसन म्हणजे आयुष्यातल्या उणिवेची भरपाई, त्यामुळे ज्याचं सगळं भरलेलं आहे त्याला ते लागूच नये. मेंदूचा कारभार मात्र असा चालत नाही.

आपल्या मेंदूत डोपामिन नावाचं एक रसायन आहे. वर्तमानपत्रं त्याला 'आनंदाचं रसायन' म्हणतात, पण ते अर्धंच खरं आहे. डोपामिनचं मुख्य काम खूण करण्याचं. आत्ता जे घडलं ते महत्त्वाचं आहे, लक्षात ठेव, पुन्हा कर. भूक लागल्यावर मिळालेली भाकरी, लहान मुलाचं हसू, शंभरदा पडून एकशे एकाव्या वेळी जमलेली उडी, सगळ्यांवर मेंदू ही खूण करतो. मात्र ती बेतानं करतो. काही पेशी सतत ब्रेकवर पाय ठेवून असतात, म्हणून डोपामिन हवं तेवढंच सुटतं.

हेरॉइन मेंदूत शिरल्यावर त्याचं मॉर्फिन होतं. शरीर वेदना शमवायला स्वतःची अफूसारखी द्रव्यं बनवतं, आणि पेशींवर त्यांच्यासाठी कुलपं असतात. मॉर्फिनची किल्ली त्याच कुलपांत चपखल बसते. ती बसली की ब्रेकवरचा पाय उचलला जातो आणि डोपामिन वाहत सुटतं. शंभर वेळा पडणं नाही, गुडघे फुटणं नाही, कष्ट नाहीत. मेंदूला कष्टांचा हिशेब कळत नाही. त्याला एवढंच दिसतं की खूण फार मोठी आहे, त्या अर्थी गोष्ट फार महत्त्वाची असणार. भाकरीपेक्षा, फळीपेक्षा, पोटच्या पोरांपेक्षाही.

यापुढचा भाग मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. मिशिगन विद्यापीठातले टेरी रॉबिन्सन आणि केंट बेरिज यांनी १९९३ साली एक मांडणी केली: हवंसं वाटणं आणि आवडणं या मेंदूतल्या दोन वेगवेगळ्या गोष्टी आहेत. एरवी त्या हातात हात घालून चालतात, म्हणून आपल्याला एकच वाटतात. व्यसनात त्यांची ताटातूट होते. आवडणं हळूहळू आटत जातं आणि हवंसं वाटणं वाढतच राहतं. दारूत वीस वर्षं घालवलेला माणूस सांगतो, 'आता काही मजा येत नाही, पण राहवतही नाही.' घरच्यांना हे नाटक वाटतं. मामा हेच वाक्य म्हणायचा आणि आजी म्हणायची, मजा येत नाही तर पितोस कशाला? दोघंही खरं बोलत होते.

सवय जुनी होत जाते तसं शरीर समतोल सांभाळायला उलट्या बाजूनं जोर लावतं. तेवढ्याच मात्रेनं काही होईनासं होतं आणि मात्रा वाढते. मग एक दिवस मात्रा मिळत नाही, पण शरीराचा उलटा जोर तसाच असतो. मुंबईच्या फुटपाथवर याला 'टर्की' म्हणतात. नाक-डोळे गळतात, जांभया येतात, अंगावर काटा, पोटात पिळवटून कळा, जुलाब, हाडं मोडल्यासारखी दुखतात, झोप पार उडते. हेरॉइनच्या बाबतीत दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी हे शिगेला पोहोचतं आणि साधारण आठवड्याभरात ओसरतं.

इथे घरच्यांची फसगत होते. आठवडा गेला, रंग उजळला, जेवण जाऊ लागलं, म्हणजे सुटलं! खरं तर तो सर्वांत धोक्याचा काळ असतो. शरीरानं आपला उलटा जोर काढून घेतलेला असतो, म्हणजे सहनशक्ती उतरलेली असते, पण हवंसं वाटणं जागच्या जागी असतं. अशा वेळी माणूस पुन्हा घसरला आणि त्यानं जुन्याच अंदाजानं मात्रा घेतली, तर श्वास चालवणारं मेंदूतलं केंद्र मंद होत होत थांबतं. व्यसनमुक्ती केंद्रातून किंवा तुरुंगातून नुकत्याच बाहेर आलेल्या माणसांचे मृत्यू पुष्कळदा असे होतात. दारूचं आणखी वेगळं आहे. वर्षानुवर्षं रोज भरपूर पिणाऱ्यानं ती एका झटक्यात बंद केली तर फिट येऊ शकते, भ्रम होऊ शकतो, जीवही जाऊ शकतो. म्हणून 'खोलीत कोंडून ठेवा, चार दिवसांत सरळ होईल' हा सल्ला कृपा करून कुणाला देऊ नका. डॉक्टरांच्या देखरेखीखालीच ते व्हायला हवं. केंद्र सरकारची १४४४६ ही फुकट हेल्पलाइन जवळची सोय सांगते.

आता जागेबद्दल. अमेरिकेत केंटकी राज्यात लेक्सिंग्टनला अफूच्या व्यसनावर उपचार करणारं एक मोठं सरकारी रुग्णालय होतं. अब्राहम विकलर नावाच्या डॉक्टरांच्या तिथे एक गोष्ट लक्षात आली. कित्येक महिने पूर्ण कोरडे राहिलेले रुग्ण आपल्या जुन्या वस्तीत परतले की त्यांना टर्कीची लक्षणं पुन्हा जाणवायची. नाक गळायचं, पोट ढवळायचं. शरीरात मादक द्रव्याचा कणही नसताना! तो नाका, तो जिना, तो मित्र, ती संध्याकाळची वेळ, सगळ्यांशी मेंदूनं गाठी मारून ठेवलेल्या असतात, आणि एक दोरा ओढला गेला की बाकीचा गुंता हलतो. मामी मामाला बाजारात न्यायची तेव्हा एक गल्ली टाळून लांबचा वळसा घ्यायची. आम्हाला तो तिचा भाबडेपणा वाटायचा. विकलरनी कित्येक वर्षं अभ्यासून जे लिहिलं, ते तिला नुसत्या पाहण्यातून कळलं होतं.

याच्या उलट बाजूचा पुरावा व्हिएतनाम युद्धानं दिला. १९७१ च्या सुमारास तिथल्या अमेरिकन सैनिकांत हेरॉइन इतकं पसरलं होतं की जवळपास पाचात एक जण आपण त्याच्या आहारी गेल्याचं सांगत होता. सरकार हबकलं. एवढे गर्दुल्ले देशात परतले तर काय होईल? ली रॉबिन्स या संशोधक बाईंनी परतलेल्यांचा पाठपुरावा केला. तिकडे व्यसनी असलेल्यांपैकी पहिल्या वर्षभरात पुन्हा व्यसनात अडकले ते सुमारे ५ टक्के. त्या काळी उपचार घेऊन घरी जाणारे बहुतेक रुग्ण पुन्हा व्यसनाकडे वळत, त्यामुळे या आकड्यावर कुणाचा विश्वास बसेना. कारणं अनेक होती, पण एक उघड होतं. त्या सैनिकांचं व्यसन ज्या जागेशी, ज्या सोबत्यांशी आणि ज्या भीतीशी बांधलेलं होतं, ते सारं समुद्रापार राहिलं. घरी आल्यावर वाट पाहणारी वेगळी माणसं होती, वेगळं काम होतं.

केसलरला ही सवलत नव्हती. त्याचं घर आणि त्याचं रणांगण एकच होतं. नशा सोडून तो पुन्हा त्याच रस्त्यांवर राहायला लागला. शहर बदलता येत नसेल, तर त्याच शहरात नवी जागा तयार करावी लागते. हे त्यानं अशा शब्दांत कुठे म्हटलं असा माझा दावा नाही. त्याच्या पुढच्या आयुष्याकडे पाहून मी काढलेला हा अर्थ आहे.

त्या आयुष्यात दोन गोष्टी ठळक दिसतात. एक, व्यसनातून बाहेर पडू पाहणाऱ्यांना त्यानं दिलेली सोबत. दुसरी, स्केटपार्क.

सोबतीची गोष्ट जुनी आहे. १९३५ साली अमेरिकेत अॅक्रन गावी बिल विल्सन नावाचा शेअर बाजारातला माणूस कामासाठी गेला होता. काम फसलं, प्यायची तीव्र इच्छा झाली. त्याला सुचलं की आपण दुसऱ्या एखाद्या दारुड्याशी बोलायला हवं. त्याच्या भल्यासाठी नव्हे, स्वतः वाचण्यासाठी. शोधाशोध करून तो डॉ. बॉब स्मिथ या सर्जनला भेटला आणि त्या भेटीतून अल्कोहोलिक्स अॅनॉनिमस उभी राहिली. अमली पदार्थांसाठीची नार्कोटिक्स अॅनॉनिमस १९५३ ची, कॅलिफोर्नियातली. या बैठकांत जुना सदस्य नव्याचा 'स्पॉन्सर' होतो. रात्री दोन वाजता तलफ आली तरी ज्याला फोन करता येतो, असा माणूस. अशा सोबतीला शास्त्राचा आधार किती, याची २०२० साली कॉक्रेन या संस्थेनं मोठी छाननी केली. दारू पूर्ण बंद ठेवण्याच्या बाबतीत अल्कोहोलिक्स अॅनॉनिमसकडे नेणारे पद्धतशीर उपक्रम इतर मानसोपचारांच्या तोडीस तोड, काही बाबतींत सरस निघाले.

मराठी वाचकाला हे परकं वाटायचं कारण नाही. १९८० च्या दशकात ब्राउन शुगर, म्हणजे गर्द, आपल्या शहरांत शिरली. तेव्हा अनिल अवचटांनी त्यावर लेखमाला लिहिली, ती वाचून पु. ल. आणि सुनीताबाई देशपांडे अस्वस्थ झाले, त्यांनी देणगी दिली आणि १९८६ साली पुण्यात डॉ. अनिता अवचटांच्या पुढाकारानं मुक्तांगण हे व्यसनमुक्ती केंद्र सुरू झालं. तिथेही पाया हाच: जो स्वतः त्यातून गेला आहे, तो नव्यानं आलेल्याच्या शेजारी बसतो. 'फक्त आजचा दिवस' हे शब्द तुम्ही अशा घरांत ऐकले असतील. उपदेश करणारे नातेवाईक त्या माणसानं आयुष्यभर पाहिलेले असतात. आपल्यासारखंच खोटं बोललेला, आपल्यासारखीच बायकोची पोत विकलेला आणि आज इस्त्रीचा शर्ट घालून चहा देणारा माणूस त्यानं पाहिलेला नसतो.

आता रॅम्प. सुतारकाम केलं की व्यसन सुटतं, असं मी म्हणत नाही. पण आतापर्यंत पाहिलेली मेंदूची बाजू इथे ठेवून बघा. दिवसाचे जे तास पूर्वी नशा मिळवण्यात, घेण्यात आणि लपवण्यात जात होते, ते एकदम मोकळे पडतात. व्यसनी माणूस आळशी असतो ही समजूत चूक आहे. त्याच्याइतका दिवसभर कामाला जुंपलेला माणूस दुसरा नसेल. नशा गेली की ते काम जातं आणि हातात उरते लांबच लांब संध्याकाळ. उद्यान खात्याच्या परवानग्या, सुरक्षेचे नियम, लाकूड, मापं, वेळेवर न येणारी पोरं, मोडलेली फळी या सगळ्यांनी केसलरचे ते तास भरले. शिवाय पोरांना तो हवा होता. इतकी वर्षं ज्याला लोकांनी टाळलं, त्याची कुणीतरी दुपारी तीनला वाट पाहत असणं, ही मेंदूसाठी छोटी पण रोजची, खरी खूण असते. शंभरदा पडून जमणाऱ्या उडीसारखी, बेतानं सुटणारी.

आणि त्या पोरांसाठीही ते नुसतं खेळाचं मैदान नव्हतं. स्केटबोर्डवाल्यांना रखवालदारांनी हाकलायचं, दुकानदारांनी शिव्या द्यायच्या, हा शहराचा रिवाज होता. आपल्या हातांनी बांधलेली, शहरानं मान्य केलेली जागा मिळणं याचा अर्थ फार वेगळा होतो. केसलरनं पुढेही न्यूयॉर्क परिसरातल्या स्केटपार्कांसाठी अशीच खटपट केली.

प्रत्येकाची वाट अशीच असते असं मात्र नाही. क्रिश्चन होसोईचंच घ्या. १९८० च्या दशकात रॅम्पवरच्या उंच उड्यांत टोनी हॉक या नामवंत स्केटबोर्डरला टक्कर देणारा, हात पसरून हवेत तरंगणारा हा कॅलिफोर्नियाचा तारा. १९९० नंतर त्याच्या प्रकारच्या स्केटबोर्डिंगची मागणी आटली, पैसा गेला आणि मेथअँफेटमिन हातात आलं. या द्रव्याची तऱ्हा हेरॉइनहून वेगळी. ते ब्रेक काढत नाही, डोपामिनच्या टाकीचा पंपच उलटा फिरवतं. सोडल्यावर अंग पिळवटत नाही, पण महिनोन्‌महिने कशातच रस वाटत नाही, कारण टाकी रिकामी आणि पंप बिघडलेला. दुरुस्तीला वर्षाहून जास्त काळ लागू शकतो. १९९५ च्या पहिल्या एक्स गेम्स या साहसी खेळांच्या स्पर्धेत होसोई उतरलाच नाही, त्याच्या नावे अटक वॉरंट होतं. जानेवारी २००० मध्ये होनोलुलू विमानतळावर तो मेथसह पकडला गेला आणि २००४ पर्यंत तुरुंगात होता. तिथे तो धर्माकडे वळला, बाहेर येऊन चर्चचं काम करू लागला आणि पुन्हा फळीवरही चढला. त्याला श्रद्धेनं तारलं असं तो सांगतो. मला त्यात विकलरची जागा, बिल विल्सनची सोबत आणि भरलेला दिवस, तिन्ही दिसतात. कॅलिफोर्नियातल्या डॉगटाउन वस्तीच्या मूळ स्केटबोर्डवाल्या पोरांपैकी एक होता जे (Jay) अॅडम्स. त्याची लढाई मात्र घसरण आणि सावरणं अशी अनेक वर्षं चालली. २०१४ साली मेक्सिकोत हृदयविकारानं तो गेला तेव्हा ५३ वर्षांचा होता आणि नशेपासून दूर होता.

औषधांबद्दल बोलल्याशिवाय मला थांबता येणार नाही, कारण आपल्या घरांत याविषयी फार चुकीचं बोललं जातं. हेरॉइनच्या व्यसनावर मेथाडोन देण्याची पद्धत केसलरच्याच शहरात, १९६० च्या दशकाच्या मध्याला व्हिन्सेंट डोल आणि मेरी निसवांडर यांनी सुरू केली. हे औषध त्याच कुलपात बसतं, पण सावकाश आणि दीर्घकाळ. टर्की थांबते, लाट उसळत नाही, माणूस कामावर जाऊ शकतो. आपल्याकडे सरकारी केंद्रांत ब्युप्रेनॉर्फिन देतात, तत्त्व तेच. 'एक सोडून दुसरं व्यसनच की हे' असं म्हणून घरच्यांनी गोळी बंद करायला लावल्याची उदाहरणं मी जवळून पाहिली आहेत. अशा औषधांवर असलेल्या रुग्णांत मृत्यूचं प्रमाण निम्म्याच्या आसपास खाली येतं. मधुमेहाच्या माणसाला इन्सुलिनवरून आपण टोमणे मारत नाही.

मामा चौथ्यांदा परत आला तेव्हा मामीनं गल्ली टाळणं सुरूच ठेवलं, पण आणखी एक केलं. शेजारच्या गणेश मंडळातल्या पोरांना पेटी शिकवायला त्याला बसवलं, रोज संध्याकाळी साडेसहाला. साडेसहा ही त्याची बाटली उघडायची वेळ होती. पुढे एकदा तो घसरला, तीन दिवसांसाठी. चौथ्या दिवशी दोन पोरं दारात येऊन विचारत होती, काका आज क्लास आहे का?

ऑगस्ट २००९ मध्ये अँडी केसलर लाँग आयलंडच्या टोकाला, माँटॉकला गेला होता. तिथे त्याला गांधीलमाशी चावली, अंगात तीव्र अॅलर्जी उसळली आणि हृदय बंद पडलं. वय ४८. ज्या नशेतून तो बाहेर आला होता, तिचा या मृत्यूशी काही संबंध नव्हता. रिव्हरसाइड पार्कातले त्याचे जुने रॅम्प पुढे काढले गेले आणि त्या जागी नवं काँक्रीटचं पार्क बांधलं गेलं. त्याला आता अँडी केसलरचं नाव आहे.